पायाखाली भाता, समोर गवई

पहिल्या महायुद्धाच्या जरा आधीची गोष्ट. लंडनच्या मूर अँड मूर या कारखान्यात एक आगळीच पेटी तयार होत होती. एरवी सप्तकात बारा सूर असतात. हिच्यात बावीस श्रुतींची सोय करायची होती. या खटपटीमागे दोन माणसं होती. एक साताऱ्याला जिल्हा न्यायाधीश असलेले अर्नेस्ट क्लेमंट्स, आयसीएस. दुसरे सांगलीचे निवृत्त डेप्युटी कलेक्टर कृष्णाजी बल्लाळ देवल. देवलांनी १९१० साली हिंदू स्वरसप्तक आणि बावीस श्रुती यांवर इंग्रजीत पुस्तक लिहिलं. क्लेमंट्सचं भारतीय संगीतावरचं पुस्तक १९१३ सालचं. प्रत्यक्ष सूर मोजायला गळा लागतो, तो मिळाला अब्दुल करीम खाँसाहेबांचा. पुढे मिरजेचे म्हणून ओळखले गेले तेच खाँसाहेब.

पेटी बनली, आगबोटीने आली आणि १९१६ साली बडोद्याला भरलेल्या अखिल भारतीय संगीत परिषदेत तिच्यावर वाद झडले. पंडित भातखंडे यांना हा सगळा श्रुतींचा हिशेब मान्य नव्हता. मैफलीत ती पेटी कधी रुळलीच नाही. तरी एका गोष्टीची नोंद घ्यायला हवी. एका इंग्रज न्यायाधीशाला कचेरीचं काम सांभाळून आणि एका मराठी अंमलदाराला निवृत्तीनंतर हा उद्योग करावासा वाटला, कारण तोवर पट्ट्यांचं हे परदेशी वाद्य गाण्यात इतकं घुसलं होतं की त्याला घालवून देण्याची भाषा फोल होती. फार तर सुधारता आलं असतं.

हे वाद्य आलं कुठून? युरोप-अमेरिकेच्या चर्चमधून आणि दिवाणखान्यांतून. मोठ्या कॅथीड्रलमध्ये शेकडो, कधी हजारो नळ्यांचा अवाढव्य ऑर्गन असतो; तो इमारतीचाच भाग. गावातल्या गरीब चर्चला तो परवडत नाही. अशा ठिकाणी पितळी सुरांचा, म्हणजे हवेने थरथरणाऱ्या पितळी जिभांचा, पायाने भाता मारायचा छोटा ऑर्गन आला. पॅरिसमध्ये अलेक्झांडर दबँ याने १८४० च्या सुमारास हार्मोनियमचं पेटंट घेतलं. अमेरिकेत बॉस्टनची मेसन अँड हॅम्लिन, व्हरमाँटची एस्टी अशा कंपन्यांनी जो नमुना प्रचारात आणला त्यात भाता हवा आत ओढून घेतो, बाहेर फेकत नाही. त्यामुळे सूर कमी कर्कश, जास्त गोल येतो. एकट्या एस्टी कंपनीने आपल्या हयातीत पाच लाखांवर ऑर्गन बनवले. मिशनऱ्यांबरोबर, गोऱ्या अधिकाऱ्यांच्या सामानाबरोबर आणि पुढे वाद्यांच्या दुकानांतून ते हिंदुस्थानात पोचले.

वाद्याबरोबर त्याच्यापुढे बसणाऱ्या माणसाचा पेशाही पोचला का? इथे गंमत आहे. वाद्य तेच, पेशा मात्र मराठी मुलखात पार बदलला.

ब्रिटनमधल्या चर्च-ऑर्गनवादकाची वाटचाल एकोणिसाव्या शतकात बरीचशी ठरलेली असे. सात-आठ वर्षांचं पोर कॅथीड्रलच्या गायकवृंदात दाखल व्हायचं. रोज सकाळ-संध्याकाळ स्तोत्रं गायची, नोटेशन वाचायचं. आवाज फुटला की मुलाच्या घरचे पैसे भरून त्याला तिथल्याच मुख्य ऑर्गनवादकाच्या हाताखाली करारावर ठेवत. तो शिकायचा, मुलांच्या तालमी घ्यायचा, संगीताच्या नकला उतरवायचा आणि गुरुजी गावाला गेले की प्रार्थना सांभाळायचा. ग्लॉस्टर कॅथीड्रलला १८९६ ते १९२८ अशी बत्तीस वर्षं हर्बर्ट ब्रूअर ऑर्गनवादक होते. त्यांच्या हाताखाली साधारण एकाच काळात तीन पोरं होती. हर्बर्ट हॉवेल्स इंग्लंडचा मोठा धर्मसंगीतकार झाला. आयव्हर गर्नी महायुद्धात लढला आणि कवी म्हणूनही ओळखला गेला. तिसरा आयव्हर नॉव्हेलो थेट नाटक-सिनेमात गेला आणि देखणा नट म्हणून गाजला. चर्चच्या बाकावरून रंगभूमीकडे जाणारी वाट तिथेही होतीच.

या पेशाला १८६४ पासून स्वतःची संस्था आहे. आज ती रॉयल कॉलेज ऑफ ऑर्गनिस्ट्स म्हणून ओळखली जाते. तिची फेलोशिप मिळवायची तर नेमलेल्या रचना वाजवून भागत नाही. समोर ठेवलेलं अनोळखी नोटेशन तिथल्या तिथे वाजवायचं, तीच चाल वेगळ्या पट्टीत फिरवायची, दिलेल्या चार सुरांवरून उत्स्फूर्त वादन करायचं. पदवी मिळाली तरी नोकरी सुखाची असेलच असं नाही. सॅम्युअल सेबॅस्टियन वेस्ली हा आपल्या काळातला सर्वश्रेष्ठ इंग्लिश ऑर्गनवादक. हेरफर्ड, एक्झिटर, लीड्स, विंचेस्टर आणि ग्लॉस्टर अशा पाच ठिकाणी त्याने नोकऱ्या केल्या आणि धर्मगुरूंशी त्याचं कुठेच धड पटलं नाही. १८४९ साली त्याने कॅथीड्रलमधल्या संगीताच्या दुरवस्थेवर एक पुस्तिकाच काढली. गायक अपुरे, पैसा अपुरा, आणि संगीतातलं काही न कळणाऱ्यांच्या हाती कारभार. मराठी नाटक कंपनीतल्या कुणाही साथीदाराने हे वाचून मान डोलावली असती.

बाईमाणसांची वाट आणखी अरुंद. एलिझाबेथ स्टर्लिंग लंडनच्या पॉप्लर भागातल्या चर्चमध्ये ऑर्गन वाजवत असे. १८५६ साली तिने ऑक्सफर्डच्या संगीत पदवीसाठी लागणारी रचना सादर केली, ती पसंतही पडली. पण बाईला पदवी देण्याची सोय विद्यापीठात नव्हती, म्हणून मिळाली नाही. गिल्डफर्ड कॅथीड्रलच्या संगीताची सूत्रं कॅथरिन डायन्स-विल्यम्स यांच्याकडे आली ती २००८ साली.

बहुतेकांची नोकरी मात्र कॅथीड्रलची नसेच. खेड्यातल्या चर्चमध्ये शाळामास्तर, कारकून, दुकानदार असा कुणीतरी रविवारी ऑर्गनवर बसायचा. लग्नं, अंत्यविधी आणि पियानोच्या शिकवण्या यांवर वरखर्च भागवायचा. एडवर्ड एल्गारचे वडील वूस्टरमध्ये वाद्यांचं दुकान चालवत आणि तिथल्या कॅथलिक चर्चमध्ये ऑर्गन वाजवत. १८८५ साली ती जागा एडवर्डकडे आली. गुस्ताव होल्स्टने सतराव्या वर्षी, १८९२ साली, विक रिसिंग्टन नावाच्या खेड्यात ऑर्गन धरला. हा होल्स्ट पुढे संस्कृत शिकला, ऋग्वेदातल्या सूक्तांना त्याने चाली लावल्या आणि महाभारतातल्या सावित्रीच्या कथेवर छोटी संगीतिका लिहिली. ‘सावित्री’चा पहिला प्रयोग लंडनला डिसेंबर १९१६ मध्ये झाला. त्याच महिन्यात हुबळीला गंधर्व नाटक मंडळीने ‘स्वयंवर’ रंगमंचावर आणलं. नाटककार कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर, जन्माने सांगलीकर, संगीत भास्करबुवा बखले यांचं, रुक्मिणी बालगंधर्व. एकाला दुसऱ्याची खबर असण्याचं कारण नव्हतं.

आता सांगलीकडे येऊ. सांगली आणि मिरज यांच्या मधोमध विश्रामबाग वसलेलं आहे. आज तिथे १९१९ सालचं विलिंग्डन कॉलेज, १९४७ चं वालचंद अभियांत्रिकी महाविद्यालय, बंगले, दवाखाने आणि रहदारी. पण ऑर्गनवादकाची मराठी कहाणी समजून घ्यायला ही जागा सोयीची आहे. पश्चिमेला सांगली, जिथे १८४३ साली चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयाने विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केलं. आणखी थोडं पुढे कृष्णा-वारणेच्या संगमावरचं हरिपूर, नाटककार गोविंद बल्लाळ देवलांचं गाव. पूर्वेला मिरज, सतार-तंबोऱ्यांच्या कारागिरांची आणि डॉक्टर विल्यम वानलेस यांच्या मिशन हॉस्पिटलची. १८९४ पासूनचं हे हॉस्पिटल. एका अंगाला नाटक, दुसऱ्या अंगाला मिशन.

या दोन टोकांची गाठ एका मुलाच्या कानात पडली. नारायण श्रीपाद राजहंस हा कोवळा गाणारा मुलगा कोल्हापूरला शाहू महाराजांच्या नजरेत भरला. त्याच्या कानाला दोष होता. महाराजांनी त्याला उपचारासाठी मिरजेला मिशनच्या डॉक्टरांकडे धाडलं. १९०५ साली तोच मुलगा मिरजेत किर्लोस्कर मंडळीच्या ‘शाकुंतला’त शकुंतला म्हणून उभा राहिला. बालगंधर्वांची कारकीर्द इथून सुरू होते. मिशनच्या प्रार्थनामंदिरात पायपेटीवर भक्तिगीतं वाजत असतील त्याच गावात, पुढे त्याच जातीच्या वाद्याच्या साथीवर महाराष्ट्र वेडा होणार होता.

संगीत नाटकात सुरुवातीला ऑर्गन नव्हता. अण्णासाहेब किर्लोस्करांचं ‘शाकुंतल’ ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्यात झालं तेव्हाच्या काळात साथ सारंगी-तबल्याची. मग पेटी आली. पेटीचा एक मूळचा अडथळा होता: डावा हात भात्यात अडकतो, वाजवायला एकच हात उरतो. ऑर्गनवर भाता पायांकडे गेला आणि दोन्ही हात मोकळे झाले. उजव्या हाताने गायकाच्या जागा पकडायच्या, डाव्याने खर्ज आणि मधला भरणा द्यायचा. भरलेल्या नाट्यगृहात, ध्वनिक्षेपक नसताना, शेवटच्या रांगेपर्यंत पोचणारा सूर हवा होता, तो मिळाला. स्त्रीभूमिका करणाऱ्या पुरुषाच्या चढ्या, पातळ आवाजाखाली ऑर्गनचा गोल सूर पसरला की त्या आवाजाला अंग येई. गंधर्व, ललितकलादर्श, बलवंत या कंपन्यांच्या भरभराटीच्या काळात रंगमंचापुढे एका बाजूला ऑर्गन आणि दुसऱ्या बाजूला तबला ही मांडणी पक्की झाली.

वाद्य जवळून पाहण्यासारखं असतं. बाहेरून शिसवी कपाटच वाटतं. खाली दोन तिरप्या फळ्या, त्या आळीपाळीने दाबायच्या. पट्ट्या सहसा एकसष्ट, म्हणजे पाच सप्तकं. पट्ट्यांच्या वर ओढायच्या खुंट्यांची रांग; एकेक खुंटी ओढली की सुरांचा एकेक संच खुला होतो. त्यांवर कोरलेली नावं चर्चच्या मोठ्या ऑर्गनवरून घेतलेली: डायपेसन, डल्सियाना, व्हायोला. ‘व्हॉक्स ह्यूमाना’ नावाची खुंटी ओढली की आतला लहानसा पंखा फिरू लागतो आणि सूर थरथरतो. गुडघ्यांजवळ दोन दांडे असतात. एक गुडघ्याने बाजूला सारला की आवाज वाढतो, दुसऱ्याने सगळे सूर एकदम उघडतात. म्हणजे दोन पाय, दोन गुडघे, दोन हात असे सहा अवयव कामाला, आणि डोळे नटाच्या ओठांवर.

सगळ्यात अवघड काम पायांचं. नवशिका पेटीवाला ऑर्गनवर बसला की तालावर पाय मारायला लागतो आणि सुरात हेलकावे येतात. पायाला तालाशी देणंघेणं नसावं; भात्यात हवा किती उरली हे तळव्याला कळावं आणि सूर अखंड राहावा. हलक्या दाबाने दिलेला षड्ज संवादाखाली असा सरकतो की प्रेक्षकाला तो कधी सुरू झाला हे कळत नाही. नटाने गद्याचं शेवटचं वाक्य जरा चढ्या सुरात घेतलं, ऑर्गन खाली हजर आहेच, आणि पद उगवलं. हे जमवायला वादकाला सगळं नाटक पाठ लागतं. नुसती पदं पाठ असून उपयोग नाही. कुठल्या वाक्याला टाळी पडते, कुठे नट थांबतो, कुठे विसरतो, हेही माहीत हवं.

पट्टीचा प्रश्न त्याहून अवघड. मराठी गवई आपली पट्टी सांगतो ती पट्ट्यांच्या रंगावरून: काळी एक, पांढरी चार, काळी पाच. नायकाची काळी एक आणि नायिकेची काळी चार असली की पाच मिनिटांत वादकाला सारा संसार उचलून दुसरीकडे मांडावा लागतो, बोटांच्या जागा बदलून. ८ जुलै १९२१ रोजी मुंबईत टिळक स्वराज्य फंडासाठी ‘संयुक्त मानापमान’ झालं. केशवराव भोसल्यांचा धैर्यधर, बालगंधर्वांची भामिनी. दोन कंपन्या, दोन घराण्यांची गाणी, दोन गळे. त्या रात्रीबद्दल दोन नटांवर पुष्कळ लिहिलं गेलं आहे. खाली बसून त्यांना धरणाऱ्यांबद्दल कमीच.

लंडनच्या परीक्षेत चाल वेगळ्या पट्टीत फिरवायला सांगतात तेव्हा समोर निदान नोटेशन असतं. इथे कागद नाही. नटाने आज नवीन जागा घेतली तर ती उद्या तशीच येईल याची हमी नाही. ‘वन्स मोअर’ पडला की पद पुन्हा, आणि दुसऱ्यांदा ते निराळं. सारंगीवाला मींड ओढून गळ्यामागे सावलीसारखा जाऊ शकतो. ऑर्गनच्या दोन पट्ट्यांमध्ये काही नाही. ती फट वादक बोटांच्या चलाखीने बुजवतो: एक पट्टी सुटण्याआधी दुसरी दाबायची, मधे कण पेरायचा, हवेचा दाब किंचित सोडायचा. शिवाय पट्ट्यांचा गांधार शुद्ध गांधाराहून चढा. कसलेला साथीदार गायक गांधारावर ठिय्या देऊन बसला की स्वतः तिथून हळूच उठतो आणि षड्ज-पंचमावर थांबतो. बावीस श्रुतींची पेटी ज्या दुखण्यावर इलाज म्हणून निघाली होती, त्याच्यावरचा हा घरगुती काढा. शास्त्रात बसत नाही, पण गाणं निभावतं.

गंधर्व मंडळीच्या साथीत तबल्यावर अहमदजान थिरकवा, सारंगीवर कादरबक्ष आणि ऑर्गनवर हरिभाऊ देशपांडे अशी माणसं होती. यातली दोन नावं शास्त्रीय संगीताच्या इतिहासात मानाने नोंदली गेली, तिसरं मुख्यतः नाट्यसंगीताच्या जुन्या रसिकांच्या आठवणीत राहिलं. ऑर्गनवादकाचं हे नशीबच होतं. सारंगी-तबल्याला घराणी असतात, गंडा असतो, मैफलीत एकट्याने वाजवण्याची प्रतिष्ठा असते. ऑर्गनला ना घराणं, ना परीक्षा, ना ग्रंथ. शिकणं म्हणजे कंपनीत राहणं. पगार, दोन वेळचं जेवण आणि बिऱ्हाड कंपनीचं. मुक्काम हलला की ते कपाटही रेल्वेच्या वाघिणीत चढायचं. इंग्लंडातला वादक आयुष्यभर एका इमारतीला बांधलेला, ऑर्गन तिथला म्हणून तोही तिथला. मराठी वादक बांधलेला असे तो एका गळ्याला. मालकाची पट्टी हीच त्याची नोकरी. तो गळा थकला, बसला, सिनेमात गेला, की वादकाने जायचं कुठे?

गोविंदराव टेंबे यांनी यावर आपल्यापुरतं उत्तर काढलं. कोल्हापूरचे टेंबे (१८८१–१९५५) पेटीच्या एकलवादनासाठी गाजले, पण पेटीजवळ थांबले नाहीत. १९११ च्या ‘मानापमान’ला त्यांनी चाली दिल्या, १९१३ साली बालगंधर्व आणि गणपतराव बोडस यांच्याबरोबर गंधर्व मंडळी काढली, त्यातून बाहेर पडून शिवराज मंडळी उभी केली, स्वतः नटाचं काम केलं आणि १९३२ साली ‘प्रभात’च्या ‘अयोध्येचा राजा’त संगीतही दिलं, राजाही झाले. ग्लॉस्टरच्या नॉव्हेलोला शोभावी अशी ही उडी. सगळ्यांना ती साधणं शक्य नव्हतं.

कारण बोलपट आले आणि कंपन्या पटापट कोसळल्या. खुद्द बालगंधर्व १९३५ साली ‘धर्मात्मा’साठी कॅमेऱ्यासमोर उभे राहिले. सांगलीत बिऱ्हाड केलेल्या मास्टर दीनानाथांनी बलवंत मंडळीचा बाडबिस्तरा सिनेमाकडे वळवला, त्यात ते कर्जात रुतले. बिनाकंपनीचे साथीदार मोकळे झाले, म्हणजे बेकार झाले.

रेडिओने त्यांना हात दिला असता. पण १ मार्च १९४० पासून आकाशवाणीने हार्मोनियमला दार बंद केलं. त्याच्या मागे जॉन फोल्ड्स या इंग्रज संगीतकाराचा हात होता. दिल्ली केंद्रात पाश्चात्त्य संगीताची जबाबदारी त्यांच्याकडे होती आणि ठरलेल्या बारा सुरांनी हिंदुस्थानी रागाचा गळा घोटला जातो असं त्यांनी आग्रहाने मांडलं होतं. फोल्ड्स १९३९ साली कलकत्त्यात पटकीने गेले. बंदी मात्र तीस वर्षांहून अधिक टिकली. १९७१ नंतर ती सैल झाली. एका इंग्रजाने साताऱ्यात बसून पेटी सुधारायला घेतली, दुसऱ्याने दिल्लीत बसून ती बंद करवली. दोघांचं निदान मात्र एकच होतं. आणि त्या निदानात तथ्य होतं, हे पेटीच्या चाहत्यांनीही मान्य करायला हरकत नाही. फक्त नाट्यगीत ऐकायला जमलेल्या माणसांना चढ्या गांधाराची तक्रार करावीशी वाटली नाही, एवढंच.

उलट दिशेचा प्रवासही झाला, तोही साताऱ्याच्या साक्षीने. मराठी ख्रिस्ती मंडळ्यांमध्ये मिशनऱ्यांनी पाश्चात्त्य चाली आणि ऑर्गन आणले होते. नारायण वामन टिळकांनी १८९५ साली बाप्तिस्मा घेतल्यानंतर अभंग-ओवीच्या घाटात शेकडो ख्रिस्ती पदं लिहिली. त्यांच्या आधी कृष्णराव सांगळे यांनी कीर्तनाचा रस्ता आखून ठेवला होता. शेवटच्या वर्षांत, १९१७ साली, टिळकांनी साताऱ्याला ‘देवाचा दरबार’ सुरू केला. त्यामुळे मराठी चर्चमध्ये एकाच उपासनेत दोन तऱ्हा नांदू लागल्या: एक गीत इंग्लिश चालीवर, चार आवाजांत, पुढचं भजनी ठेक्यावर, टाळ-तबल्यासह. म्हणजे चर्चचा ऑर्गन नाटकात गात होता तेव्हा कीर्तनाचा टाळ चर्चमध्ये जाऊन बसला होता. अशा चर्चमधल्या वादकाला दोन्ही यायला हवं. त्याच्या ब्रिटिश भाऊबंदाला पुढचं गीत भीमपलासात आहे असं कुणी सांगत नाही.

स्वातंत्र्यानंतर संगीत नाटकाला पुन्हा पालवी फुटली, आणि ऑर्गनवादक परतला. या वेळी दिवसा दुसरीकडे नोकरी करून संध्याकाळी नाट्यगृहात. रविवारच्या इंग्लिश खेड्यातल्या वादकासारखाच. १९६४ चं ‘मत्स्यगंधा’, १९६७ चं ‘कट्यार काळजात घुसली’, दोन्हींचं संगीत जितेंद्र अभिषेकींचं. जुन्या नाटकांचे प्रयोग राम मराठे, छोटा गंधर्व, वसंतराव देशपांडे यांच्या गळ्यावर रंगत होते. या काळातलं सगळ्यांत मोठं नाव गोविंदराव पटवर्धन (१९२५–१९९६). गाणाऱ्याने जागा घेण्याच्या आत ती ओळखणारा साथीदार ही त्यांची ख्याती. पेटी आणि ऑर्गन दोन्हींवर. गोव्यातल्या बोरीचे तुळशीदास बोरकर (१९३४–२०१८) पेटीवादक पी. मधुकरांकडे शिकले, तरुणपणी छोटा गंधर्वांच्या नाटकांतून ऑर्गनची साथ केली, पुढे मैफलीतले नामवंत साथीदार झाले. २०१६ साली त्यांना पद्मश्री मिळाली. गोव्याचं नाव या कहाणीत वारंवार येतं ते उगाच नाही. तिथे पोर्तुगीज काळापासून चर्चला जोडलेल्या शाळांत मुलांना नोटेशन, गायन आणि व्हायोलिन शिकवत. त्याच भूमीत देवळांतल्या उत्सवांना संगीत नाटकं होत. एकाच गावात रविवारी चर्चमध्ये ऑर्गन आणि जत्रेच्या रात्री मंडपात ऑर्गन, हे दृश्य गोव्याला नवं नाही.

आता वाद्यंच म्हातारी झाली आहेत. इथे वाजणारे बहुतेक ऑर्गन शंभरी गाठलेले किंवा ओलांडलेले. मोठे कारखाने कधीच बंद पडले. पितळी सूर टिकाऊ. तो उतरला तर कारागीर त्याचं टोक खरवडतो, चढला तर मुळाशी खरवडतो, आणि पुढची कित्येक वर्षं बघावं लागत नाही. खराब होतं ते बाकीचं. पावसाळ्यात लाकूड फुगून पट्ट्या अडकतात, भात्याचं कापड विरतं, चामडं उंदीर खातात. एक ऑर्गन जगवायला दुसरा मोडावा लागतो. कोकणात नवे ऑर्गन घडवण्याचे प्रयत्न झाले आहेत आणि राजीव परांजपे यांच्यासारखे वादक हे वाद्य सातत्याने रंगमंचावर ठेवत आले आहेत. तरी कित्येक प्रयोगांत आता इलेक्ट्रॉनिक कीबोर्डवर ऑर्गनचा आवाज लावून काम भागवतात. सूर बऱ्यापैकी जुळतो. पण पायाने हवेचा दाब सोडून जी सूक्ष्म उतरण येते ती बटणाला येत नाही, आणि गायकाला ती लगेच जाणवते. ब्रिटनमध्येही रविवारी रेकॉर्ड केलेल्या साथीवर स्तोत्रं म्हणणारी चर्चेस आहेत, कारण बाकावर बसायला माणूस नाही.

सांगलीत दर वर्षी ५ नोव्हेंबरला, रंगभूमी दिनी, विष्णुदास भावे गौरवपदक दिलं जातं. १९६० चं पहिलं पदक बालगंधर्वांना होतं. संगीत नाटक करणारी हौशी मंडळी सांगली-मिरजेत आणि विश्रामबागेच्या परिसरात आजही आहेत. त्यांची तालीम पेटीवर होते. ऑर्गन उचलायला चार माणसं, आणायला टेम्पो, आणि कुणाकडे तरी तो वाजता असावा लागतो. त्यामुळे वादकाची आणि त्याची भेट बहुधा प्रयोगाच्या दिवशीच. परगावच्या चर्चमध्ये वाजवायला गेलेला ब्रिटिश वादक आधी तासभर वाद्याजवळ बसायला मागतो, कारण कुठलेही दोन ऑर्गन सारखे नसतात. इथे तेवढा वेळ मिळेलच असं नाही. नेपथ्याची ठोकाठोक चालू असते, रंगभूषेच्या खोलीतून कुणीतरी सूर विचारत असतं, आणि वादक खाली वाकून पाहत असतो: डावी फळी कितपत खाली जाते, वरच्या सप्तकातला कुठला सूर फुसफुसतो, गुडघ्याचा दांडा परत जागेवर येतो की हाताने ओढावा लागतो. मंद्रसप्तकातला अडकणारा धैवत सापडला, तर तो टाळून नांदीचा भरणा कसा करायचा हे त्याने तिसऱ्या घंटेच्या आत ठरवायचं असतं.